नाव आणि ओळख : डेस्कटॉप संगणकावरील लायब्ररी फाईलींच्या तालिकीकरणाचा इतिहास

प्रस्तावना :

संगणकावर एखादे काम सुरू करावे आणि 'अमुक डीएलएल फाईल सापडली नाही' असा संदेश पडद्यावर येऊन काम तिथेच थांबावे, हा अनुभव विंडोज कार्यप्रणाली वापरणाऱ्या बहुतेकांना कधी ना कधी आलेला आहे. संदेशात फाईलीचे नाव असते. परंतु ती फाईल कोणाची, ती कोणत्या आज्ञावलीबरोबर आली होती, तिची कोणती आवृत्ती हवी आहे आणि त्याच नावाची दुसरी फाईल आणून ठेवल्यास काम चालेल की अधिक बिघडेल, यांपैकी एकाही प्रश्नाचे उत्तर त्या नावात नसते. वाचकाने केवळ 'मराठ्यांचा इतिहास' एवढेच शीर्षक सांगून पुस्तक मागावे आणि लेखक, आवृत्ती, खंड यांविषयी काहीच सांगू नये, तेव्हा ग्रंथपालाची जी अडचण होते तीच येथे वापरकर्त्याची होते.

या फाईलींना 'लायब्ररी' म्हणजे ग्रंथालय असे नाव मिळाले, हा योगायोग नव्हे. अनेकांनी पुन्हा पुन्हा वापरावयाच्या आज्ञांचा तो संग्रह असतो. संग्रह म्हटला की त्याची तालिका आली, आणि तालिका म्हटली की प्रत्येक वस्तूची निश्चित ओळख पटविण्याचा प्रश्न आला. इतिहासाच्या अभ्यासकाला हा प्रश्न परका नाही. एखादे जुने पत्र हाती आले की ते कोणाचे, केव्हाचे, अस्सल की नक्कल, हे ठरविण्यासाठी आपण प्रथम बहिरंग परीक्षण करतो आणि मग मजकुराच्या अंतरंग परीक्षणाकडे वळतो. संगणकीय फाईलींच्या बाबतीत ही चिकित्सा कशी विकसित झाली, तिने काय साधले आणि कोणाच्या हाती राहिली, याचा शोध घेण्याचा प्रयत्न प्रस्तुत निबंधात केला आहे.

अभ्यासाची उद्दिष्टे :

१) सॉफ्टवेअर लायब्ररीची तालिका करण्याच्या पद्धतींचा कालानुक्रमे आढावा घेणे.
२) नाव, आवृत्तिक्रमांक, अंकीय ठसा व डिजिटल स्वाक्षरी या ओळखीच्या चार साधनांचे सामर्थ्य व मर्यादा तपासणे.
३) या साऱ्या व्यवस्थेत सामान्य वापरकर्त्याचे स्थान कोणते, याचा विचार करणे.

विवेचन मुख्यत्वे विंडोज कार्यप्रणालीपुरते मर्यादित ठेवले आहे. या प्रश्नाचे सर्वांत तीव्र रूप तेथेच दिसून आले, हे त्याचे कारण होय.

१. एडसॅकचे पोलादी कपाट :

इंग्लंडमधील केंब्रिज विद्यापीठात मे १९४९ मध्ये एडसॅक हा संगणक कार्यान्वित झाला. वर्गमूळ काढणे, कोनाची ज्या काढणे, उत्तर छापणे अशी कामे प्रत्येक संशोधकाला लागत. ती प्रत्येकाने नव्याने लिहिण्यापेक्षा एकदा तपासून ठेवलेल्या आज्ञा सर्वांनी वापराव्यात, या विचारातून मॉरिस विल्क्स, डेव्हिड व्हीलर व स्टॅन्ली गिल यांनी सबरूटीनांचा संग्रह उभा केला. या तिघांनी १९५१ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात त्याची पद्धतशीर मांडणी आढळते. छिद्रे पाडलेल्या कागदी फितींच्या स्वरूपातील हा संग्रह एका पोलादी कपाटात ठेवलेला असे. १९५१ पर्यंत अशा ८७ सबरूटीन सर्वांच्या वापरासाठी उपलब्ध होत्या. त्यांचे विषयवार वर्गीकरण केलेले असून प्रत्येक वर्गाला इंग्रजी वर्णमालेतील एक अक्षर दिले होते. भागाकारासाठी डी, लॉगरिथमसाठी एल, छपाईसाठी पी, त्रिकोणमितीसाठी टी असा तो क्रम होता.

ही तालिका मानवी वाचकासाठी होती, हे येथे विशेष लक्षात घेतले पाहिजे. संशोधक तालिका पाही, आवश्यक फीत निवडी, तिची नक्कल आपल्या फितीवर यांत्रिक पद्धतीने उतरवून घेई आणि मूळ फीत कपाटात परत ठेवी. घेतलेली नक्कल त्याच्या आज्ञावलीचा कायमचा भाग बने. मूळ सबरूटीनमध्ये पुढे बदल झाला तरी जुन्या आज्ञावलीवर त्याचा परिणाम होत नसे. संग्रह लहान, कपाट एक आणि वापरणारे परस्परांना ओळखणारे. त्यामुळे नाव आणि ओळख यांत अंतर पडण्याचा प्रसंगच आला नाही.

२. सामायिक फाईल आणि नावाचे राज्य :

नोव्हेंबर १९८५ मध्ये विंडोजची पहिली आवृत्ती बाजारात आली, तेव्हा वैयक्तिक संगणकाची स्मृती अत्यंत तोकडी होती. डॉस कार्यप्रणालीत आज्ञावल्यांना ६४० किलोबाईटची मर्यादा होती. प्रत्येक आज्ञावलीने खिडक्या काढण्याच्या, अक्षरे उमटविण्याच्या आज्ञांची स्वतंत्र नक्कल बाळगणे परवडणारे नव्हते. म्हणून या आज्ञा वेगळ्या फाईलीत ठेवायच्या, आज्ञावलीत फक्त त्या फाईलीचे नाव लिहायचे आणि प्रत्यक्ष चालविण्याच्या वेळी जोडणी करायची, अशी योजना झाली. हीच 'डायनॅमिक लिंक लायब्ररी', म्हणजेच डीएलएल. चालू असताना जोडणी करण्याची कल्पना नवी नव्हती. १९६० च्या दशकातील मल्टिक्स प्रकल्पात ती प्रत्यक्षात आली होती. विंडोजमुळे ती घराघरांतील व कचेऱ्यांतील टेबलांवर पोहोचली.

या योजनेत सारी मदार नावावर होती आणि ते नावही सुरुवातीच्या काळात आठ अक्षरांच्या मर्यादेत बसवावे लागे. आज्ञावली नाव उच्चारी, कार्यप्रणाली ठराविक क्रमाने निरनिराळे फोल्डर धुंडाळी आणि त्या नावाची जी फाईल प्रथम सापडेल ती उचली. ती अपेक्षित फाईल आहे काय, हे सर्वसाधारणपणे तपासले जात नसे. सोळा बिटांच्या विंडोजमध्ये तर त्या नावाची फाईल आधीच स्मृतीत असेल, तर तीच नव्या आज्ञावलीच्याही पदरी पडे. हाक मारल्यावर जो प्रथम ओ देईल तोच आपला माणूस समजावा, असा हा व्यवहार होता.

एडसॅकच्या कपाटाला एक व्यवस्थापक होता. विंडोजच्या 'सिस्टीम' फोल्डरात मात्र मायक्रोसॉफ्टबरोबरच जगभरातील असंख्य कंपन्या आपापल्या फाईली आणून ठेवत होत्या. व्हिज्युअल बेसिकमध्ये लिहिलेल्या छोट्या आज्ञावल्यांना लागणारी 'व्हीबीआरयूएन३००' ही फाईल याचे ठळक उदाहरण आहे. ती नसेल तर आज्ञावली चालत नसे, म्हणून जो तो ती आपल्याबरोबर आणी. ग्रंथालयात कोणीही यावे, हवे ते पुस्तक शेल्फवर ठेवावे, त्याच नावाचे आधीचे पुस्तक काढून टाकावे आणि दाखल नोंदवहीत कसलीही नोंद करू नये, अशी ही स्थिती होती.

लिनक्सचा मार्ग यापेक्षा वेगळा होता. तेथे वितरक संस्था संपूर्ण संग्रह स्वतः बांधून देत असल्यामुळे कोणती फाईल कोणत्या पॅकेजबरोबर आली, याची नोंद संगणकावरच ठेवली जाई. डेबियनमधील डीपीकेजी आणि रेड हॅटने सुरू केलेली आरपीएम या १९९० च्या दशकातील व्यवस्था वस्तुतः दाखल नोंदवह्याच होत्या. फाईलीचे नाव सांगितले की तिचे मूळ पॅकेज कळे. विंडोजच्या जगात असा एकच ग्रंथपाल नव्हता. मुक्त बाजारपेठेने सॉफ्टवेअरची विपुलता दिली. तालिका मात्र दिली नाही.

३. आवृत्तिक्रमांक आणि 'डीएलएल हेल' :

नाव पुरेसे नाही, हे लवकरच लक्षात आले. विंडोज ३.१ च्या काळापासून (१९९२) फाईलीच्या पोटातच आवृत्तीची माहिती लिहिण्याची सोय झाली. कंपनीचे नाव, उत्पादनाचे नाव, फाईलीचे मूळ नाव आणि चार भागांचा आवृत्तिक्रमांक अशी ती माहिती असे. पुस्तकाच्या आतील शीर्षकपृष्ठासारखीच ही रचना होती. नवी आज्ञावली बसविताना आधीच्या फाईलीचा क्रमांक पाहावा व ती अधिक नवी असल्यास तिला हात लावू नये, असा संकेत ठरला.

संकेत पाळणे मात्र ज्याच्या त्याच्या मर्जीवर होते. काही स्थापना-आज्ञावल्या क्रमांक न तपासताच जुनी फाईल नव्या फाईलीवर ठेवीत. त्या वेळी नवी आज्ञावली व्यवस्थित चाले आणि महिन्यापूर्वी बसविलेली दुसरीच आज्ञावली बंद पडे. दोष एकीचा आणि त्रास दुसरीला, यामुळे कारण शोधणे दुष्कर होई. 'कॉमसीटीएल३२' या फाईलीचे उदाहरण बोलके आहे. पडद्यावरील बटने, याद्या इत्यादी घटक पुरविणारी ही फाईल विंडोज ९५ मध्ये होतीच. पुढे इंटरनेट एक्सप्लोररच्या तिसऱ्या आवृत्तीबरोबर ४.७०, चौथ्या आवृत्तीबरोबर ४.७१ व ४.७२ आणि पाचव्या आवृत्तीबरोबर ५.८० असे तिचे अवतार झाले. वरवर एकसारख्या दिसणाऱ्या दोन संगणकांवर एकाच नावाखाली भिन्न फाईली नांदू लागल्या.

क्रमांक तपासूनही प्रश्न पूर्णपणे सुटत नव्हता. 'अधिक नवी म्हणजे अधिक योग्य' हे गृहीतकच मुळात अपुरे होते. जुन्या आवृत्तीतील एखाद्या दोषावर विसंबून लिहिलेली आज्ञावली दोष दुरुस्त होताच कोलमडू शके. या साऱ्या गोंधळाला तंत्रज्ञांच्या वर्तुळात 'डीएलएल हेल' म्हणजे डीएलएलचा नरक असे नाव पडले.

विंडोज ९५ मध्ये सामायिक फाईल किती आज्ञावल्या वापरतात याचा हिशेब रजिस्ट्रीत ठेवण्याची सोय होती. आज्ञावली काढून टाकताना हा आकडा शून्यावर आला की वापरकर्त्याला विचारले जाई : ही फाईल आता कोणी वापरत नसावी, ती पुसून टाकावी काय? ज्या प्रश्नाचे उत्तर खुद्द कार्यप्रणालीजवळ नव्हते, तो ज्याच्याजवळ कसलीही तालिका नाही अशा माणसापुढे ठेवला जात होता.

४. यूएसपी१० आणि पडद्यावरील देवनागरी :

हा सारा प्रश्न केवळ तंत्रज्ञांचा होता असे नव्हे. मराठी वाचकाशी त्याचा थेट संबंध 'यूएसपी१०' या फाईलीमुळे येतो. देवनागरीत ऱ्हस्व इकार उच्चारात व्यंजनानंतर येतो, युनिकोडमध्येही तो व्यंजनानंतरच साठविला जातो. लिहिताना मात्र तो व्यंजनाच्या आधी काढावा लागतो. रफार, जोडाक्षरे यांचीही अशीच पुनर्मांडणी करावी लागते. विंडोजमध्ये हे काम युनिस्क्राइब या यंत्रणेकडे सोपविलेले होते आणि ती यंत्रणा यूएसपी१० या लायब्ररी फाईलीत होती. विंडोज २००० मध्ये मंगल फॉन्टसह मराठीला कार्यप्रणालीचा आधार मिळाला, त्यात या फाईलीचा वाटा मोठा होता.

तथापि ही फाईल अनेक मार्गांनी संगणकावर येत असे. ती कार्यप्रणालीबरोबर येई, इंटरनेट एक्सप्लोररबरोबर येई आणि ऑफिसच्या काही आवृत्त्या आपली स्वतंत्र प्रत स्वतःच्या फोल्डरात ठेवीत. परिणामी एकाच संगणकावर यूएसपी१० नावाच्या दोन-तीन फाईली, निरनिराळ्या आवृत्तिक्रमांकांच्या, नांदत असत. एकाच मजकुरातील जोडाक्षर एका आज्ञावलीत नीट आणि दुसरीत तुटलेले दिसू शके. विंडोज एक्सपीच्या इंग्रजी आवृत्तीत तर जटिल लिप्यांचा पर्याय स्वतंत्रपणे निवडून आवश्यक फाईली मूळ सीडीवरून घ्याव्या लागत. मजकूर योग्य, फॉन्ट योग्य, टंकलेखनही योग्य. आणि तरीही 'किल्ला' शब्दातील इकार भलत्या जागी दिसे. अशा वेळी दोष भाषेचा, फॉन्टचा की टंकलेखकाचा, असा वाद होई. कोणत्या फाईलीची कोणती प्रत काम करीत आहे, हे पाहण्याचे भान व साधन फारच थोड्यांजवळ होते. फाईलीची ओळख न पटणे म्हणजे आपली लिपी आपल्यालाच धड वाचता न येणे, इथपर्यंत हा प्रश्न येऊन पोहोचतो.

५. नोंदवही, पहारा आणि नवे कपाट :

१९९८ ते २००७ या काळात कार्यप्रणालीने तालिकीकरणाचे काम क्रमाक्रमाने स्वतःकडे घेतले. विंडोज ९८ मध्ये 'सिस्टीम फाईल चेकर' हे साधन आले. महत्त्वाच्या फाईलींची नोंद ठेवून कोणती फाईल बदलली आहे, हे ते सांगे. फेब्रुवारी २००० मधील विंडोज २००० ने पुढचे पाऊल टाकले. संरक्षित फाईल कोणी बदलली तर 'विंडोज फाईल प्रोटेक्शन' तिची राखून ठेवलेली प्रत आपोआप परत आणी. त्याच वर्षी जानेवारीत मायक्रोसॉफ्टच्या रिक अँडरसन यांनी 'डीएलएल हेल'चा अंत झाल्याचे सांगणारा लेख प्रसिद्ध केला.

या पहाऱ्याची दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. आपल्या लिपीसाठी यूएसपी१० ची अधिक नवी प्रत सिस्टीम फोल्डरात ठेवणाऱ्या वापरकर्त्याला, काही क्षणांतच जुनी प्रत पुन्हा जागेवर आलेली दिसे. संरक्षण देणारी यंत्रणा चोर आणि घरमालक यांत भेद करीत नव्हती.

२००१ च्या विंडोज एक्सपीमध्ये 'साइड बाय साइड' ही पद्धत रूढ झाली. 'विनएसएक्सएस' या फोल्डरात एकाच लायब्ररीच्या अनेक आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवण्याची सोय झाली आणि आज्ञावलीने आपल्याला नेमकी कोणती हवी ते सोबतच्या घोषणापत्रात नोंदवावे, असे ठरले. या फोल्डरातील उपफोल्डरांची नावे पाहण्यासारखी आहेत. प्रोसेसरचा प्रकार, घटकाचे नाव, प्रकाशकाच्या किल्लीची खूण, आवृत्तिक्रमांक आणि भाषा असे घटक एकत्र गुंफून ते नाव बनते. ग्रंथालयातील बोधांकाशी त्याचे साम्य सहज लक्षात येते. २००२ मधील डॉटनेट पद्धतीतही नाव, आवृत्ती, भाषा-संस्कृती व सार्वजनिक किल्लीची खूण यांचे मिळून 'सबल नाव' तयार होई. एका शब्दाच्या नावाचे राज्य येथे संपले, असे म्हणता येईल.

मात्र अनेक प्रती बाळगण्याची किंमत २००४ मध्ये दिसून आली. चित्रे दाखविणाऱ्या 'जीडीआयप्लस' या लायब्ररीत जेपीईजी चित्रांच्या हाताळणीचा गंभीर दोष आढळला. मायक्रोसॉफ्टने सप्टेंबर २००४ मध्ये त्यावर दुरुस्ती प्रसिद्ध केली. परंतु ही फाईल अनेक आज्ञावल्यांनी आपापल्या फोल्डरात नेऊन ठेवली होती. कार्यप्रणालीची प्रत सुधारली तरी इतर प्रती सदोषच राहत. अखेर संगणकावर अशा प्रती आहेत काय, हे शोधण्यासाठी स्वतंत्र साधन द्यावे लागले. फाईली एकत्र ठेवल्या तर एक बदल सर्वांना बाधतो आणि वेगळ्या ठेवल्या तर एक दुरुस्ती सर्वांपर्यंत पोहोचत नाही. या दुहेरी पेचातून सुटण्याचा मार्ग एकच होता : कोणती प्रत कोठे आहे, याची अचूक तालिका.

६. अंकीय ठसा :

नाव बदलता येते, आवृत्तिक्रमांकही खोटा लिहिता येतो. मग फाईलीची ओळख तिच्या संपूर्ण मजकुरावरूनच का पटवू नये? या विचारातून हॅश पद्धतीचा उपयोग सुरू झाला. फाईलीतील सर्व अंकांवर गणिती प्रक्रिया करून एक निश्चित लांबीची संख्या काढली जाते. फाईलीत एका अक्षराचा फरक पडला तरी ती संख्या पूर्णतः बदलते. जीन किम व यूजीन स्पॅफर्ड यांनी अमेरिकेतील पर्ड्यू विद्यापीठात १९९२ मध्ये तयार केलेल्या ट्रिपवायर या साधनाने युनिक्स संगणकांवर याच तत्त्वाने फाईलींवर पाळत ठेवली.

या पद्धतीचा सर्वांत व्यापक तालिकाप्रकल्प म्हणजे अमेरिकेतील 'निस्ट' या मानक संस्थेची नॅशनल सॉफ्टवेअर रेफरन्स लायब्ररी होय. मूळ सॉफ्टवेअर मिळवायचे, त्यातील प्रत्येक फाईल वेगळी करायची आणि नाव, उत्पादन, निर्माता व हॅश यांची नोंद प्रसिद्ध करायची, असे तिचे काम आहे. मूळ सॉफ्टवेअरच्या पेट्या व तबकड्या मेरीलँडमधील गेथर्सबर्ग येथे कपाटांत जतन केलेल्या आहेत. एडसॅकच्या पोलादी कपाटापासून निघालेली वाट येथे पुन्हा कपाटापाशी येते. जप्त केलेल्या संगणकावरील लाखो फाईलींतून सर्वपरिचित फाईली बाजूला काढणे, हा तपास यंत्रणांना तिचा मुख्य उपयोग. भारतातही १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमातील प्रमाणपत्राच्या नमुन्यात इलेक्ट्रॉनिक पुराव्याचे हॅश मूल्य नोंदविण्याची तरतूद आहे.

ठशाच्या मर्यादाही स्पष्ट आहेत. बोटाचा ठसा आधी नोंदलेला असेल तरच माणूस ओळखता येतो. तसेच येथेही आहे. शिवाय 'ज्ञात' फाईल ही 'निर्दोष' फाईलच असते असे नाही, कारण या संग्रहात घातक साधनांच्याही नोंदी आहेत. खुद्द ठसेही कालांतराने अविश्वसनीय ठरले. ऑगस्ट २००४ मध्ये चिनी गणितज्ञ वांग श्याओयुन व त्यांच्या सहकाऱ्यांनी एमडी५ या पद्धतीत दोन भिन्न मजकुरांचा एकच ठसा काढून दाखविला. फेब्रुवारी २०१७ मध्ये एसएचए-१ ची तीच गत झाली.

७. शिक्कामोर्तब आणि त्याची मर्यादा :

मराठेशाहीतील पत्रांवर आरंभी मुद्रा आणि शेवटी मोर्तब उमटविले जाई. मुद्रेने पत्र कोणाचे हे कळे. मोर्तबाने मजकूर येथे संपला हे ठरे, त्यामुळे पुढे भर घालण्यास वाव राहत नसे. १९९६ पासून विंडोजच्या जगात आलेली ऑथेंटिकोड ही डिजिटल स्वाक्षरीची पद्धत हीच दोन्ही कामे करते. फाईल कोणी प्रसिद्ध केली आणि नंतर तिच्यात फेरफार झाला काय, हे ती सांगते.

परंतु शिक्का चोरीला जाऊ शकतो. २०१० मध्ये उघडकीस आलेल्या स्टक्सनेट प्रकरणात या इतिहासातील सर्व दुबळ्या जागा एकत्र आल्या. इराणमधील नतान्झ येथील युरेनियम समृद्धीकरण यंत्रणेशी संबंधित या हल्ल्यात, सीमेन्सच्या स्टेप ७ या आज्ञावलीची यंत्राशी बोलणारी डीएलएल फाईल लक्ष्य करण्यात आली. मूळ फाईलीच्या नावातील एक अक्षर बदलून ती बाजूला ठेवण्यात आली आणि तिच्या मूळ नावाने तोतया फाईल बसविण्यात आली. मूळ फाईलीत १०९ कार्ये होती. त्यांपैकी ९३ कार्ये तोतया फाईल प्रामाणिकपणे मूळ फाईलीकडे पाठवी आणि केवळ १६ कार्यांत ढवळाढवळ करी. आज्ञावलीने नाव उच्चारले, तोतयाने ओ दिली. १९८५ चाच तो व्यवहार होता. याच हल्ल्यातील ड्रायव्हर फाईलींवर मात्र रिअलटेक व जेमायक्रॉन या कंपन्यांच्या चोरलेल्या किल्ल्यांनी केलेल्या वैध स्वाक्षऱ्या होत्या.

डिसेंबर २०२० मध्ये उघड झालेले सोलरविंड्स प्रकरण याच्याही पुढचे होते. तेथे घातक आज्ञा कंपनीच्या निर्मितिप्रक्रियेतच मिसळल्या गेल्या. तयार झालेल्या डीएलएल फाईलीचे नाव खरे होते, आवृत्तिक्रमांक खरा होता आणि स्वाक्षरीही खुद्द कंपनीचीच होती. सुमारे १८,००० ग्राहकांपर्यंत सदोष अद्यतने पोहोचली. दरबारातूनच निघालेल्या, खऱ्या शिक्क्याच्या पत्रात कोणी मधल्या मधे ओळ घुसडावी, तसे हे झाले. बहिरंग परीक्षणात पूर्णपणे उत्तीर्ण झालेली फाईल अंतरंगात बनावट होती.

८. तालिका कोणासाठी?

या सर्व व्यवस्थांत सामान्य वापरकर्ता कोठे होता? २००१ व २००२ मधील दोन अफवा याचे उत्तर देतात. 'सल्फएनबीके' व 'जेडीबीजीएमजीआर' या नावांच्या फाईली विषाणू असून त्या ताबडतोब पुसून टाकाव्यात, असे ईमेल जगभर फिरले. वस्तुतः या दोन्ही विंडोजबरोबर येणाऱ्या निरुपद्रवी फाईली होत्या. त्या डीएलएल नव्हेत, लहान आज्ञावल्या होत्या. तरीही प्रश्न तोच होता. वापरकर्त्याने शोध घेतला, फाईल खरोखरच सापडली आणि सापडली म्हणूनच ईमेलवर विश्वास बसला. दुसऱ्या फाईलीचे चिन्ह अस्वलाच्या पिल्लाचे होते, त्यामुळे संशय अधिकच बळावला. विषाणूने जे केले नसते ते लोकांनी स्वतःच्या हातांनी केले. त्यांना अडाणी म्हणणे अन्यायाचे ठरेल. आपल्याच संगणकातील फाईल कोणाची, हे सांगणारी तालिका त्यांच्या हाती कोणी दिलीच नव्हती.

काही प्रयत्न निश्चितच झाले. मायक्रोसॉफ्टने कोणत्या फाईलीची कोणती आवृत्ती कोणत्या उत्पादनाबरोबर आली, हे सांगणारी डीएलएल हेल्प डेटाबेस ही सूची उपलब्ध करून दिली होती. पुढे ती बंद झाली. स्टीव्ह मिलर यांचे डिपेन्डन्सी वॉकर आणि मार्क रुसिनोविच यांचे प्रोसेस एक्सप्लोरर या साधनांनी, कोणती आज्ञावली कोणत्या फाईलीवर अवलंबून आहे हे डोळ्यांना दिसू लागले. परंतु ही साधने जाणकारांपुरतीच राहिली.

अलीकडे या प्रश्नाकडे शासनसंस्थांचे लक्ष गेले आहे. मे २०२१ मध्ये अमेरिकेच्या अध्यक्षीय आदेशात सॉफ्टवेअरमधील घटकांची यादी देण्याचा आग्रह धरण्यात आला. डिसेंबर २०२१ मध्ये जावा भाषेतील लॉग४जे या लायब्ररीतील दोष उघड झाला, तेव्हा अनेक संस्थांपुढे पहिला प्रश्न 'ही लायब्ररी आपल्याकडे नेमकी कोठे आहे' हाच होता. भारतात सर्ट-इन या संस्थेने ऑक्टोबर २०२४ मध्ये अशा घटकयादीविषयी तांत्रिक मार्गदर्शक सूचना प्रसिद्ध केल्या. एडसॅकच्या संशोधकाला जी यादी कपाटाशेजारी सहज मिळत होती, ती मिळविण्यासाठी आता आदेश काढावे लागत आहेत.

निष्कर्ष :

१) लायब्ररी फाईलींच्या ओळखीचा इतिहास हा नावाकडून आवृत्तीकडे, आवृत्तीकडून ठशाकडे आणि ठशाकडून स्वाक्षरीकडे झालेला प्रवास आहे. प्रत्येक टप्प्यावर विचारलेला प्रश्न वेगळा होता : हिला काय म्हणतात, ही कितवी आवृत्ती, ही तंतोतंत तीच आहे काय, आणि हिची हमी कोण देतो.

२) 'ही फाईल प्रत्यक्षात करते काय' या प्रश्नाचे उत्तर या चारही साधनांतून मिळत नाही. ही सारी बहिरंग परीक्षणाची साधने आहेत. अंतरंग परीक्षणाला त्यांचा पर्याय नाही, हे स्टक्सनेट व सोलरविंड्स या दोन्ही प्रकरणांनी दाखवून दिले.

३) तालिका जसजशी अचूक झाली तसतशी ती वापरकर्त्यापासून दूर गेली. एडसॅकची तालिका माणसाला वाचता येत होती. विनएसएक्सएसची तालिका यंत्राने यंत्रासाठी लिहिलेली आहे. सुरक्षितता वाढली, पण आपल्या संगणकाविषयीचे आपले ज्ञान त्या प्रमाणात वाढले नाही.

४) महाविद्यालयांच्या दृष्टीने या इतिहासाला व्यावहारिक महत्त्व आहे. युनिकोडपूर्व काळात निरनिराळ्या फॉन्टांत व आज्ञावल्यांत टंकलिखित झालेले मराठी प्रबंध, अहवाल व प्रश्नपत्रिका आजही अनेक विभागांच्या जुन्या संगणकांत आहेत. ते वाचण्यासाठी मूळ फॉन्ट, मूळ आज्ञावली आणि तिच्या नेमक्या लायब्ररी फाईली लागतात. केवळ दस्तऐवजाची प्रत काढून संगणक भंगारात दिला, तर दस्तऐवज उरतो पण त्याचे वाचन उरत नाही. असा संगणक निकाली काढण्यापूर्वी त्यावरील आज्ञावल्या व त्यांच्या फाईली यांची साधी नोंदवही करावी. नाव, आवृत्तिक्रमांक, निर्माता, हॅश, मूळ तबकडी आणि नोंदीची तारीख हे सहा रकाने त्यासाठी पुरेसे आहेत. ग्रंथालयाच्या दाखल नोंदवहीत प्रत्येक पुस्तकासाठी आपण एवढे कष्ट घेतोच. लायब्ररी हेच नाव धारण करणाऱ्या या फाईलींसाठीही ते घेतले, तर पुढच्या अभ्यासकाला आपल्या काळाची साधने केवळ नावाने न राहता ओळखीसह मिळतील.